नदीत न पोचलेली कासवं

कसबा बावड्यात कुणाच्या विहिरीवरची मोटर बंद पडली की पहिला फोन बाबालाल शिकलगारला जातो. माणूस साठीला टेकलाय, पण अजून कमरेला दोर बांधून विहिरीत उतरतो. पाइपाच्या जाळीत अडकलेला गाळ हातानं काढतो आणि वर येऊन मालकाला शिव्या घालतो, "जाळीला फडकं बांध म्हटलं हुतं न्हवं तुला?" माझ्या विहिरीवरही त्यानं अशा बऱ्याच शिव्या दिल्या आहेत. पुढची गोष्ट मी त्याच्याच तोंडून ऐकली, आणि थोडी इतरांकडून.

बावीस वर्षांचा असताना एका विहिरीत त्याला मऊ पाठीच्या कासवानं चावलं होतं. ही कासवं वेगळी. पाठीवर टणक कवच नाही, चामड्यासारखी सपाट पाठ, नळीसारखं नाक, आणि मान एवढी लांब की बाजूंनी धरलं तर मागं वळून धरणाऱ्याचा हात गाठते. बाबालालनं ते साध्या कासवासारखं दोन्ही बाजूंनी उचललं आणि डाव्या अंगठ्याचं नख गमावलं. तेव्हापासून तो कासवाच्या समोरून कधी गेला नाही. मागून जायचं, डोक्यावर ओलं पोतं टाकायचं, मागच्या पायांजवळची कड दोन्ही हातांनी घट्ट धरायची, जमिनीपासून वीतभरच उचलायचं आणि लगेच घमेल्यात ठेवायचं. शेपटीला धरून लोंबकळवायचं नाही. काम झालं की साबणानं कोपरापर्यंत हात धुवायचे, त्याआधी तंबाखूसुद्धा मळायची नाही.

हे सगळं त्यानं आकारामला शिकवलं होतं. आकाराम त्याचा लहानपणापासूनचा दोस्त. दोघं एकाच वर्गात नापास झाले, एकाच वर्षी पंचगंगेत पोहायला शिकले. आकारामचं रान नदीकाठाला. दोन हजार एकोणीसच्या महापुरात नदी रानात शिरली आणि उतरताना त्याच्या विहिरीत दोन मोठी कासवं ठेवून गेली. एकविसात एक, चोविसात आणखी एक. दरवेळी बाबालालनं त्यांना बाहेर काढलं आणि दरवेळी आकाराम म्हणाला, "तू भिजलायस, घरला जा. मी गाडीतनं नेतो आणि बंधाऱ्याच्या वर सोडतो."

संध्याकाळी बाबालाल फोन करायचा. "सोडलंस काय?"

"व्हय की! डुबकन गेलं. जाताना मागं वळून बघितलं बघ."

ते वळून बघणं बाबालालला फार आवडायचं. त्यानं ते बायकोला, हाफिजाला, सांगितलं. नातीला सांगितलं. चहाच्या टपरीवर सांगितलं.

गेल्या मे महिन्यात आकारामच्या सुनेचा, निशिगंधाचा फोन आला. आकारामचा मुलगा अमरसिंह यानं राधानगरी रस्त्यावर फार्महाउस बांधलं होतं. तिथल्या हौदाचा पंप बंद पडला होता, पाहुणे यायचे होते आणि नेहमीचा मिस्त्री फोन उचलत नव्हता. "चाचा, जरा येता का?" बिचारीला काहीच माहीत नव्हतं. आणि बाबालालला त्या फार्महाउसवर आकारामनं कधी नेलं नव्हतं, याचंही त्याला तोवर नवल वाटलं नव्हतं.

तो गेटातून आत आला आणि किंचाळणं ऐकू आलं. हौदापाशी पाच-सहा पाहुणे, आणि मध्ये अमरसिंह वाकलेला. त्याच्या उजव्या हाताच्या मधल्या बोटाला परातीएवढं कासव लटकत होतं. पाहुण्यांना दाखवायला त्यानं ते दोन्ही बाजूंनी छातीपर्यंत उचललं होतं. एक जण कासवाला ओढत होता, दुसरा त्याच्या तोंडात स्क्रूड्रायव्हर घालायला बघत होता.

"ओढू नगासा!" बाबालाल ओरडला. "बोट तुटंल! बाजूला व्हा समदी."

त्यानं कासवाचं वजन खालून पेललं आणि अमरसिंहला हौदाच्या काठावर बसवलं. "हात पाण्यात घाल. कासवासकट. हलवू नको."

"चाचा, जीव जातोय!"

"न्हाय जात. तळाला टेकू दे त्याला. पाणी लागलं की सोडतंय."

दीडेक मिनिट गेलं असेल. कासवाचे पाय तळाला लागले, त्यानं तोंड उघडलं आणि ते कोपऱ्यात पळालं. बाबालालनं नळाखाली साबणानं ते बोट दहा मिनिटं धुतलं, अमरसिंह रडत असतानाही धुतलं. मग स्वच्छ रुमाल दाबून बांधला. "दवाखान्यात जा. धनुर्वाताचं इंजेक्शन घे. नुसती हळद लावून बसू नको." निशिगंधानं गाडी काढली.

पाहुणे पांगल्यावर तो हौदाकडे वळला. पाण्यात चार कासवं होती. एकाच्या पाठीची मागची कड मोटरच्या वायरीनं कापली गेलेली. ती वायर बाबालालनं स्वतः सोडवली होती, एकोणीसला. दुसऱ्याचा एक डोळा पांढरा. नुकतंच पळालेलं ते चोविसातलं. सिमेंटवर घासून घासून सगळ्यांची पोटं लाल झाली होती.

तो काठावर बसून राहिला. तासाभरानं आकाराम आला. मुलाचं कळल्यामुळे धावत आला होता. बाबालालला बघून जागीच थांबला.

"ही चारी माझीच हायत न्हवं?" बाबालालनं विचारलं.

"पोराची हौस रे. कासव असलं की बरकत येती, असं कुणीतरी डोक्यात भरवलंय त्याच्या. मला मोडवलं न्हाय त्याचं मन."

"तसं सांगायचं. मीच न्हेऊन सोडली असती नदीत. पण वळून बघितलं म्हणून कशाला सांगितलंस?"

आकाराम म्हणाला, "तुला बरं वाटावं म्हणून."

"तीन डाव?"

आकारामचा आवाज चढला. "हे बघ, बाहेर बोलू नको. धरलीत तूच. साऱ्या बावड्यानं बघितलंय तुला धरताना. वनखात्यात आमचं नाव जायच्या आधी तुझं जाईल. आणि तुझं नाव काय हाय, हे ध्यानात ठेव."

बाबालाल मला म्हणाला, कासवांचं दुःख होतंच, पण हे शेवटचं वाक्य ऐकल्यावर त्याला वाटलं, की पन्नास वर्षं आपण ज्याच्या शेजारी बसलो तो माणूस आपल्याकडे कधीतरी असंही बघत होता.

घरी आल्यावर हाफिजानं समजावलं, "दोन दिस थांबा. रागात काय करू नका." तो थांबला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी वनखात्याच्या कार्यालयात गेला. अनुजा नावाची तरुण वनरक्षक होती. तिला त्यानं सगळं सांगितलं, पहिल्या कासवापासून.

ती म्हणाली, "काका, हे प्राणी कायद्यानं संरक्षित आहेत. तुम्हीही आम्हाला न कळवता पकडलेत. तुमचंही नाव कागदावर येईल."

"येऊ द्या. चूक झाली. लिवा तुमी."

दुपारी पथक गेलं. कासवं उचलायची वेळ आली तेव्हा कर्मचारी एकमेकांकडे बघू लागले. शेवटी अनुजानं बाबालालला पुढं बोलावलं आणि त्यानं चारही घमेल्यात ठेवली, तिला कुठं धरायचं ते दाखवत. डॉक्टरांनी महिनाभर त्यांच्यावर उपचार केले. तीन वाचली. पांढऱ्या डोळ्याचं मेलं.

तिघांना नदीत सोडलं तेव्हा बाबालाल काठावर होता. एकानंही मागं वळून बघितलं नाही. सरळ गेली.

अमरसिंहवर गुन्हा दाखल झाला. ते प्रकरण अजून चालू आहे. त्याचं बोट टोकाला वाकत नाही. बाबालालचा जबाब साक्षीदार म्हणून धरला गेला. बावड्यात मात्र दोन तट पडले. "दोस्ताच्या पोराला पोलिसांत घातलं," असं कुणी म्हणालं, आणि त्या मोसमात आठ-दहा विहिरींची कामं दुसऱ्याकडे गेली. आता कुणाच्या विहिरीत कासव निघालं तर तो आधी अनुजाला फोन करतो आणि ती आल्याशिवाय पाण्याला हात लावत नाही. बाबालाल समोरून येताना दिसला तर आकाराम गल्ली बदलतो. बाबालाल बदलत नाही.

यंदाच्या ईदला हाफिजानं सवयीनं आकारामच्या घरी द्यायचा शिरखुर्म्याचा डबा भरला आणि मग तो हातात धरून उभी राहिली. नेणार कोण? दुपारी आकारामची बायको बाळाबाई स्वतःच आली. दारात चपला काढून हाफिजाच्या शेजारी बसली. म्हणाली, "माझं काय चुकलं हुतं गं?"

बाबालाल घरामागच्या परड्यात मोटर उघडून बसला होता. त्यानं बाळाबाईचा आवाज ओळखला. उठावं असं त्याला एकदा वाटलं, पण हातात पाना होता तो त्यानं ठेवला नाही. दोघी बराच वेळ बोलत होत्या. बाळाबाई डबा घेऊन गेली. जाताना तिनं परड्याकडे बघून मोठ्यानं सांगितलं, "भावजी, येते."

"व्हय," तो म्हणाला. एवढंच.