उशिरा येणारा चेंडू

एलीसेओला मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तो टोपी विणत होता. ऑगस्ट संपत आला होता, बाहेर रस्त्यावरचं डांबर मऊ पडलं होतं, आणि क्लबच्या ऑफिसात एसीखालच्या सोफ्यावर एक सावळा, रुंद खांद्यांचा माणूस पाच बारीक सुयांवर लाल-पांढऱ्या लोकरीची कानटोपी विणत बसला होता. कुणाची तरी वाट बघत असेल, असं समजून मी ऑफिसातल्या कारकुनाला विचारलं, "तो पेरूचा गोलकीपर कधी येणार आहे?" त्याने हनुवटीने सोफ्याकडे खूण केली.

मी जवळ जाऊन स्पॅनिशमध्ये म्हटलं, "मी अनघा. तुमची दुभाषी." तो ताडकन उठला. लोकरीचा गुंडा घरंगळत टेबलाखाली गेला. "सेन्योरा," तो म्हणाला, "चार दिवसांनी कुणीतरी माझ्याशी पूर्ण वाक्य बोललं."

मी मूळची पुण्याची. बी.कॉम. करताना हौस म्हणून स्पॅनिशच्या परीक्षा दिल्या, लग्न होऊन कुवेतला आले आणि पुढची बारा वर्षं ती भाषा माळ्यावरच्या ट्रंकेत ठेवल्यासारखी पडून राहिली. माझा नवरा नितीन इथे एका बँकेत आयटीत आहे. त्याच्या ओळखीतून निरोप आला, की एका फुटबॉल क्लबला स्पॅनिश येणारं माणूस हवंय, संध्याकाळचे दोन-तीन तास. फुटबॉलमधलं मला काहीही कळत नव्हतं. क्लबच्या मॅनेजरांना, अबू फहदना, मी तसं सांगितलंही. ते म्हणाले, "फुटबॉल आम्हाला कळतो, मॅडम. तो काय बोलतो ते कळत नाही."

टोपीचं मात्र मला विचारावंच लागलं. एलीसेओ तितिकाका नावाच्या प्रचंड सरोवरातल्या एका बेटावरचा. त्या बेटावर पुरुष विणतात. "ज्याला टोपी विणता येत नाही त्याला आमच्याकडे कुणी मुलगी देत नाही," तो म्हणाला. "आणि गोलकीपरच्या बोटांना काम लागतं, सेन्योरा. ती रिकामी बसली की विचार करायला लागतात."

त्याची कारकीर्द मला तुकड्यातुकड्यांनी कळली आणि ते तुकडे कधीच नीट जुळले नाहीत. गोलकीपर का झालास, असं एकदा कुणीतरी विचारलं, तर म्हणाला, बेटावरचं मैदान पाण्याला लागून होतं. गोल झाला की चेंडू सरोवरात जायचा आणि गारठलेल्या पाण्यात होडी घालून तो आणायला सगळ्यांत धाकट्याला, म्हणजे यालाच, पाठवायचे. म्हणून चेंडू अडवायला शिकला. महिन्याभराने दुसऱ्या कुणालातरी त्याने सांगितलं, की थोरल्या भावाला गोल मारायचा नाद होता आणि समोर उभं राहायला कुणीतरी हवं होतं. दोन्ही वेळा दुभाषी मीच. "यातलं खरं कुठलं?" मी विचारलं. "दोन्ही. विचारणारा कोण आहे त्यावर." आणि तो हसला. हे हसणं थट्टेचं होतं की नाही, हेही मला समजलं नाही.

एवढं नक्की, की डोंगराळ भागातल्या एका क्लबकडून तो दोन वर्षं फार चांगला खेळला. मग राजधानीतल्या मोठ्या क्लबने त्याला नेलं आणि सहा वर्षं राखीव गोलकीपर म्हणून बाकावर बसवून ठेवलं. त्या सहा वर्षांत टोप्या किती विणल्या हे त्याला आठवायचं. सामने किती खेळला ते विचारलं की विषय बदलायचा. मग बोलिव्हिया, मग इक्वेडोरमधला खालच्या फळीतला एक संघ, आणि तेहतिसाव्या वर्षी कुवेत. इथे मात्र तो पहिला गोलकीपर होता. आयुष्यात दुसऱ्यांदाच.

आणि पहिले दोन महिने तो फार वाईट खेळला. सरावाच्या वेळी चेंडू मारला की हा उडी मारायचा, जमिनीवर पडायचा आणि मग चेंडू त्याच्या वरून आरामात आत जायचा. मला हसू यायचं. युरोपातून आलेले आमचे कोच मात्र डोक्याला हात लावायचे. शेवटी एलीसेओने मला कारण सांगितलं. तो वाढला आणि खरा खेळला, तिथली हवा विरळ. तिथे चेंडू सुसाट येतो. इथे समुद्रकाठची जड हवा. "इथे चेंडू उशिरा येतो, सेन्योरा. मी पोचतो आणि तो यायचाच असतो." मी हे कोचना सांगितलं. ते म्हणाले, "मग त्याला सांगा, थांब." तेव्हापासून रोज संध्याकाळी मैदानाच्या कडेला उभी राहून मी कोचच्या पाठोपाठ ओरडायचे, "एस्पेरा! एस्पेरा!" थांब, थांब. घरी माझी मुलगी इरा माझी नक्कल करायची. दूध उतू जायला आलं की म्हणायची, "मम्मा, इट्स नॉट लिसनिंग टू युअर एस्पेरा."

तो थांबायला शिकला. डिसेंबरपर्यंत संघाचं सगळं त्याच्यावर उभं होतं. त्याने इरासाठी टोपी विणून दिली. ती इरा एसी लावून घालायची.

त्याच्या बोलण्यात एक गोष्ट मला खटकायची. त्याची पहिली भाषा स्पॅनिश नव्हे, केचुआ. स्पॅनिश तो शाळेत शिकलेला. त्यामुळे, मी समजायचे, त्याचं व्याकरण कच्चं आहे. एकदा त्याला केस कापायला घेऊन गेले तर दुकान बंद. "शुक्रवार झाला होता," तो म्हणाला. आज शुक्रवार, इथला सुट्टीचा वार, असताना! काळ चुकवतो, असं मनात म्हणून मी सोडून दिलं. दुभाषी म्हणून काम करताना मी अशा चुका गुपचूप दुरुस्त करून पुढे द्यायचे. त्याचा मला थोडा अभिमानही होता.

एप्रिलमध्ये उपांत्य सामना होता. नितीन आणि इरालाही मी घेऊन गेले होते. बरोबरी चालली होती आणि शेवटच्या काही मिनिटांत आमच्याविरुद्ध पेनल्टी दिली गेली. समोरचा खेळाडू धावत आला. चेंडू काही फार जोरात मारला नव्हता. डावीकडून, एलीसेओपासून तीन हातांवरून तो आत गेला. एलीसेओ हललाच नाही. हात अर्धवट वर, गुडघे किंचित वाकलेले, तसाच उभा. "व्हाय डिडन्ट ही जंप?" इराने विचारलं. माझ्याभोवती सगळं स्टेडियम वेगवेगळ्या भाषांत तेच विचारत होतं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी अबू फहदनी बोलावलं. कोचही होते. चहा आला. सकाळपासून लोकांच्या फोनवर एकच क्लिप फिरत होती आणि तिच्याखाली लोक इंग्रजीत काय काय लिहीत होते, ते एलीसेओला वाचता येत नव्हतं. मला येत होतं. परदेशी गोलकीपर विकला गेला, असं त्यात होतं.

अबू फहद शांतपणे इंग्रजीत म्हणाले, "त्याला विचारा, उडी का मारली नाही?"

मी विचारलं. एलीसेओने हाताच्या बोटांकडे पाहिलं. मग एकच वाक्य बोलला. शब्दशः ते असं होतं: मी उभा राहिलो होतो.

राहिलो होतो. पुण्यात आम्हाला शिकवलं होतं, की हा काळ आधी घडून गेलेल्या गोष्टीसाठी वापरतात. मी भाषांतर केलं, "तो म्हणतो, तो आधीच उभा राहिला होता."

"आधीच?" अबू फहद पुढे झुकले. "म्हणजे किक मारण्याच्या आधी?"

मी एलीसेओला विचारलं नाही. व्याकरण मला पाठ होतं. मी म्हटलं, "हो. आधी."

कोचनी खुर्ची मागे सरकवली. अबू फहद एवढंच म्हणाले, "शुक्रन, मॅडम." चार दिवसांनी कळलं, की एलीसेओचा करार पुढे वाढवायचा नाही असं ठरलंय. क्लबमध्ये उघड आरोप कुणी केला नाही. चौकशी झाली नाही. फक्त ड्रेसिंगरूममध्ये त्याच्या शेजारी कुणी बसेनासं झालं.

इथे राहायचा परवाना, इकामा, रद्द करायच्या कामासाठी क्लबचा मंदूब, म्हणजे सरकारी कागदपत्रांची कामं करणारा माणूस, आम्हा दोघांना कचेरीत घेऊन गेला. तो खिडकीशी गेला आणि आम्ही बाकावर बसलो. एलीसेओने सिव्हिल आयडीचं कार्ड खिशातून काढलं. आठ महिने खिशात असलेला स्वतःचा फोटो त्याने पहिल्यांदाच नीट पाहिला असावा. एकदम हसायला लागला. "म्हातारा झालो होतो!"

"झालो होतो?" मी त्रासून म्हटलं. "मग आता काय, तरुण झालात?"

"तसं नाही, सेन्योरा. म्हातारा मी आहेच. पण मला आत्ता कळलं. आम्ही डोंगरातले लोक असंच बोलतो. गोष्ट आधीपासून असते, आपल्याला पत्ता नसतो, आणि मग दिसते. तेव्हा 'झालो होतो' म्हणायचं."

बंद दुकानासमोरचा तो शुक्रवार मला आठवला. मी विचारलं, "त्या दिवशी ऑफिसात तुम्ही म्हणालात, मी उभा राहिलो होतो..."

"हो ना." तो सहज म्हणाला. "शिट्टी ऐकली. त्याचा पाय मागे गेलेला पाहिला. मग एकदम लोकांचा आवाज आला. मधलं माझ्याकडे काही नाही. आवाज आला तेव्हा कळलं, मी उभा आहे."

बघतो तर काय, मी आपला उभाच. मराठीत ते वाक्य इतकं सोपं होतं! मी मनात जरी ते मराठीत आणलं असतं तरी मला कळलं असतं. मी ते थेट इंग्रजीत नेलं.

मी त्याला सगळं सांगितलं. मी काय बोलले ते, त्यांनी काय विचारलं ते. "आत्ताच्या आत्ता अबू फहदकडे चला," मी म्हटलं. "मी त्यांना सांगते, चूक माझी होती."

तो रागावेल असं मला वाटलं होतं. त्याने कार्ड खिशात ठेवलं. "आणि काय सांगणार? एलीसेओ थिजला?"

"थिजलात का?"

"माहीत नाही. तुम्ही आठ महिने 'थांब, थांब' म्हणत होता. कदाचित मी थांबलो असेन. जरा जास्त." तो पुन्हा हसला. "सेन्योरा, चुकीचं ठरवणारा गोलकीपर दुसऱ्या क्लबला चालतो. चेंडू येताना जो तिथे नसतोच, त्याला कोण घेईल? तुमचं वाक्य राहू द्या. त्यात निदान मी तिथे आहे."

"अहो, पण त्यांना वाटतंय तुम्ही विकले गेलात!"

"त्यांना मी पुन्हा भेटणार नाही. मैदानावर मला पुन्हा उभं राहायचंय."

तो मला वाचवत होता की स्वतःला, हे मला ठरवता येईना. दुसऱ्या दिवशी न राहवून मी अबू फहदना फोन केला. त्याचं नाव न घेता, आडून विचारलं, की तो निर्णय त्या एका उत्तरावर झाला का. "नवा गोलकीपर आम्ही जानेवारीपासूनच शोधत होतो, मॅडम," ते म्हणाले. मग, "पण त्या दिवशी तो दुसरं काही बोलला असता तर... अल्लाह जाणे." हे खरं होतं की माझ्या समाधानासाठी होतं, तेही कळलं नाही.

विमानतळावर मी आणि नितीन सोडायला गेलो. रांगेत उभं असताना त्याने विचारलं, "ते 'झालो होतो' तुमच्या भाषेत कसं म्हणतात?" मी सांगितलं. त्याने घोळवून घोळवून म्हणून पाहिलं, "बग्तो तर काय." नितीन खो खो हसला, एलीसेओही. मला हसता आलं नाही. मी माफी मागायला तोंड उघडलं, तर त्याने माझे दोन्ही हात हातात घेतले. गोलकीपरचे हात, दोन बोटं वाकडी जुळलेली. "नीट ऐकलंत तुम्ही," तो म्हणाला. "माझं कुणी इतकं ऐकलेलं नाही." आणि आत गेला. हे तो मनापासून म्हणाला का? मी तर ऐकलंच नव्हतं.

ऑक्टोबरात त्याच्याकडून एक क्लिप आली. सोबत एक शब्द नाही. कुठल्यातरी डोंगरातल्या गावचं मैदान, मागे उघडे करडे कडे, प्रेक्षक थोडे, अंगावर ब्लँकेट घेतलेले. पेनल्टी होती. मारणारा धावला आणि एलीसेओने उजवीकडे लांबच लांब उडी घेतली. चेंडू डावीकडून आत गेला. तो धुळीतून उठला, बचावपटूंवर ओरडला आणि चेंडू जाळीतून काढून मध्यभागी मारला.

मी ओट्याशी उभी राहून टाळ्या वाजवल्या. नितीन बाहेरून आला. "काय गं, वाचवला का त्याने?"

"नाही. गोल झाला."

"मग टाळ्या कसल्या?"

मी क्लिप पुन्हा लावली आणि फोन त्याच्या हातात दिला. "बघ ना," मी म्हटलं, "कसली उडी मारलीय!"