सोफ्याची दोन टोकं

माझे दाजी जुने सोफे दुरुस्त करतात आणि सोफ्यावरून लोकांचे संसार ओळखतात. निदान तसा त्यांचा दावा आहे. बैठक मधोमध दबलेली दिसली की म्हणतात, "जोडा गोडीत आहे." दोन टोकांना दोन खड्डे दिसले की नुसती मान हलवतात. मी त्यांच्याच कारखान्यात मशीनवर शिवायला बसतो, म्हणून ही भविष्यवाणी मुकाट ऐकून घेतो. एखादा खड्डा घरच्या कुत्र्याने पाडला असेल, हे त्यांच्या गावीही नसतं!

भाची नोकरीसाठी परगावी गेली आणि दाजींनी घरचा सोफा पहिल्यांदाच नीट पाहिला. दोन टोकांना दोन खड्डे. मधे लेक बसायची, तोवर ते कोणाच्या नजरेत आले नव्हते.

दाजींचा चेहरा पार उतरला. दुसऱ्या दिवशी टाके उसवता उसवता मला म्हणाले, "तुझी ताई माझ्याजवळ बसतच नाही रे. लेक होती तोवर निभावलं. आता कसं व्हायचं आमचं?" त्यांचे डोळे भरले होते आणि मला मात्र हसू आवरत नव्हतं.

ताईला विचारायचं सोडून त्यांनी सोफाच उचलून आणला. टोकांना टणक फोम भरला, मधे मऊ. बायको आपसूक मधे येईल, हा हिशोब.

रविवारी मी जेवायला गेलो, तर ताई खुर्चीवर बसलेली. "अहो, हे काय करून ठेवलंत? बसलं की घसरगुंडी!"

दाजी सोफ्याची शिवण चाचपत बसले. माझ्या पोटात काही राहत नाही, सगळं सांगून टाकलं. ताई हसून हसून बेजार झाली. "अहो, टोकाला बसले की तुमचं तोंड दिसतं. खेटून बसून काय भिंतीशी गप्पा मारू?"

दाजी हसले नाहीत. माझ्यादेखत त्यांनी सरळ विचारलं, "आता दोघंच उरलो. तुला माझा कंटाळा आला तर?"

ताईचं हसू थांबलं. "येईल की. तुम्हालाही माझा येईल. ही भीती मला काय वाटली नसेल? पण हे मनात धरून इतके दिवस एकटेच घाबरत बसलात? मला सांगायचं होतं, दोघं मिळून घाबरलो असतो."