झटपट कातर

माझी सून लॅपटॉप मांडीवर घेऊन स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी बसायची. एक दिवस मी विचारलं, "करतीस तरी काय गं दिवसभर?"

"एक मजकूर देतात, मामा. तोच दुसऱ्या शब्दांत लिहून द्यायचा. अर्थ तोच, शब्द वेगळे."

"म्हणजे जुनी साडी उलटी घडी घालून नवी म्हणून खपवायची."

"तसंच म्हणा," म्हणून ती हसली.

सासऱ्याला मामा म्हणायची आमच्याकडं रीत. ती खानापूरकडच्या शेतकऱ्याची लेक, पदवी घेतलेली. मी बेळगावातल्या शहापूरचा विणकर, चौथीतच शाळा सोडून मागावर बसलेला. तेव्हा पुण्यातली एक कंपनी तिचं काम पारखून बघत होती. पसंत पडलं तर कायमची नोकरी, ती पण घरबसल्या. नातू पाळण्यात, बाहेर जायची सोय नाही, म्हणून या नोकरीवर ती लई आस लावून होती. हे मला ठाऊक होतं. आधीच लिहून टाकतो, म्हणजे पुढं मला माहीत नव्हतं असं म्हणायला जागा राहणार नाही.

मजकूर होता व्हिडिओ एडिटिंगच्या सॉफ्टवेअरच्या जाहिरातीचा. लग्नाचं, बारशाचं चित्रीकरण घरीच कसं नीट करायचं ते त्यात सांगितलं होतं. नको तो भाग कापा, उरलेले तुकडे जोडा, खाली गाणं भरा. ती वाचत होती आणि मधीच थांबून म्हणाली, "मामा, 'कापा'ला दुसरा शब्द सांगा की."

"कातरा. छाटा. वगळा."

"आणि 'जोडा'ला?"

"सांधा लिही. मागावर दोरा तुटला तर आम्ही सांधतो, मग जोड हाताला लागत न्हाय."

"झकास!" म्हणत तिनं ते लिहिलं. शिकलेल्या माणसानं माझ्याकडं शब्द मागावा, असं आयुष्यात कधी झालं नव्हतं. माझी छाती फुगली. खुर्ची ओढून मी तिच्या शेजारीच बसलो आणि तिथनंच बिघडलं.

दर दोन ओळींनी एक इंग्रजी नाव येत होतं. "हे का तसंच सोडलंस?"

"ते ब्रँडचं नाव आहे, मामा. त्याला हात लावायचा न्हाय, असं त्यांनीच सांगितलंय."

"अर्थ काय त्याचा?"

"पटकन कापणारं, असं कायतरी."

"मग झटपट कातर लिही."

ती पुन्हा हसली. मी हसत नाही हे बघून तिनं हसू आवरलं. मग म्हणाली, "नाव बदललं तर लोकांना ते सॉफ्टवेअर सापडायचं कसं?"

बरोबर बोलली होती. पण आम्ही बेळगावची माणसं. इथं दुकानाच्या पाटीवर मराठी अक्षरं वर की कानडी, यावरनं माणसं रस्त्यावर येतात. तरणा असताना मी पण आलोय, काठी खाल्लीय. माझ्या घरात, माझ्या शब्दांनी लिहिलेल्या मराठीत हे कुसळ मला खपेना. तिनं परत परत समजावलं. शेवटी मी माझं नेहमीचं हत्यार काढलं. जेवायला बसलो आणि भरल्या ताटावरनं उठलो. "ऐकायचं नसंल तर मला वाढू नकोस."

थोरला माणूस ताटावरनं उठला तर आमच्या घरात कुणी घास घेत नाही. ती भाकरी हातात घेऊन तशीच उभी राहिली. मग म्हणाली, "बरं मामा," आणि सगळीकडं नाव बदललं. मी परत बसलो. आमटी मागून घेतली.

दुसऱ्याच दिवशी पुण्याहून फोन. आवाज मला खाटेवर ऐकू येत होता. "ताई, ज्याची जाहिरात त्याचंच नाव तुम्ही पुसून टाकलंत! नावं जशीच्या तशी ठेवा म्हटलं होतं ना? एवढी साधी सूचना पाळता येत नसेल तर आम्ही तुम्हाला काम कसं देणार?"

"चुकलं मॅडम. माझ्या ध्यानात राहिलं न्हाय."

माझं नाव तिनं घेतलं नाही. मी छताकडं बघत पडून राहिलो.

पडल्या पडल्या मला आमचा जुना व्यापारी आठवला. साडीच्या टोकाला मी हिरव्या दोऱ्याची माझी खूण विणायचो. तो ती कातरून स्वतःचं लेबल चिकटवायचा. मी भर बाजारात त्याची गचांडी धरली होती. माझ्या मालावरचं माझं नाव काढणारा तू कोण, म्हणून ओरडलो होतो. आता दुसऱ्याच्या मालावरचं नाव मी कातरलं होतं, तेही सुनेच्या हातून.

संध्याकाळी माझा लेक कॅम्पातल्या दुकानातलं काम आटपून आला. ऐकून म्हणाला, "एवढं साधं जमलं न्हाय व्हय गं? मग तो लॅपटॉप विकून टाकू, घेणारा हाय एक जण."

"विकायचा न्हाय," मी म्हटलं. "नाव मी बदलायला लावलं. ती नको म्हणत होती."

लेक मोठ्यानं हसला. "आप्पा, तिला पाठीशी घालताय व्हय? तुम्हाला त्यातलं काय कळतंय? बघ गं, सासरा कसला गुणाचा मिळालाय तुला!"

तिनं माझ्याकडं बघितलं. एका पाटीसाठी गाव डोक्यावर घेणारा मी, मला तेच वाक्य दुसऱ्यांदा म्हणता आलं नाही. गुणाचा सासरा होऊन बसलो. माझ्या शब्दाखातर लॅपटॉप तेवढा राहिला.

सकाळी लेक गेल्यावर मी तिला म्हटलं, "त्या मॅडमना फोन लाव. मी सांगतो खरं काय ते."

"नको मामा," ती सावकाश म्हणाली. "घरातली माणसं कामात हात घालतात म्हटल्यावर तर कधीच देणार न्हाईत."

लॅपटॉप उचलून ती आतल्या खोलीत गेली. दार तिनं लावलं नाही. लावलं असतं तर मला बरं वाटलं असतं.