भांडं धरून बसलेली बाई: गॉसफर्थच्या दगडापर्यंत दोन दिवस

शनिवार, १७ मे २०२५, पहाटेचे पाच वाजून चाळीस मिनिटं. वॉटफर्डला मावशीच्या स्वयंपाकघरात उभा राहून मी केअर होमचा फोन नंबर तिसऱ्या कागदावर उतरवत होतो. एक कागद मावशीच्या पर्ससाठी, एक माझ्या खिशासाठी, एक डब्याच्या पिशवीसाठी. मावशी दशम्या फॉइलमध्ये गुंडाळत होती. न बघताच म्हणाली, "चौथा माझ्या कपाळावर चिकटव."

काकांना आम्ही आदल्या संध्याकाळी तिथे सोडून आलो होतो. काका म्हणजे मावशीचे यजमान, इथल्या हॉस्पिटलात भूलतज्ज्ञ होते. सहा वर्षांपूर्वी त्यांना स्ट्रोक आला. उजवी बाजू गेली आणि बोलणं दोन-चार शब्दांवर आलं. तेव्हापासून मावशी त्यांच्याजवळून हललेली नाही. फेब्रुवारीत त्यांना पलंगावरून खुर्चीत घेताना ती पडली आणि तिची एक बरगडी तडकली. फॅमिली डॉक्टरने स्पष्ट सांगितलं होतं, अशी आणखी एकदा पडलात तर तुमच्याकडेच बघायला माणूस लागेल. कौन्सिलचं, म्हणजे इथल्या नगरपालिकेचं, म्हणणं होतं की काकांनी दर सहा आठवड्यांनी एक आठवडा केअर होममध्ये राहावं. मावशीने चार वेळा नकार दिला होता. सोमवारी दुपारी दोन वाजता कौन्सिलच्या बाई पाचव्यांदा विचारायला येणार होत्या. हे दोन दिवस तिने कसेबसे कबूल केले होते, आणि तेही मी तिकिटं आधीच काढून ठेवली होती म्हणून.

गॉसफर्थच का, हे सांगायला हवं. मी मेडनहेडला आई-बाबांकडे राहतो आणि औषधांच्या दुकानात काम करतो. कॉलेज दुसऱ्या वर्षी सुटलं. त्या रिकाम्या वर्षात लायब्ररीत उत्तरेकडच्या देवांच्या गोष्टी हाती लागल्या आणि मी त्या वहीत टिपून घ्यायला लागलो. या गोष्टी आज आपल्याला माहीत आहेत त्या मुख्यतः आइसलँडमुळे. तिथले लोक ख्रिस्ती होऊन दोनशेच्या वर वर्षं झाल्यावर, तेराव्या शतकात, कोणीतरी जुनी गाणी चामड्याच्या पानांवर उतरवली. एका सरदाराने तरुण कवींना जुने संदर्भ कळावेत म्हणून गोष्टी गद्यात सांगितल्या. आणि गॉसफर्थ या कम्ब्रियातल्या गावात, चर्चच्या आवारात, त्याहून तीनेकशे वर्षं जुना एक दगडी क्रूस उभा आहे. त्यावर त्याच गोष्टी कोरल्यात, असं जाणकार मानतात. दगड आधीचा आणि पुस्तक नंतरचं, पण पुस्तक नसतं तर दगडावर काय आहे ते आज कोणाला ओळखता आलं नसतं. मला तो दगड बघायचा होता. आणि मावशीला घराबाहेर काढायचं होतं.

जाणाऱ्यांसाठी माहिती: वॉटफर्ड जंक्शनहून लँकेस्टर, तिथून बॅरो, तिथून किनाऱ्याच्या गाडीने सीस्केल. दोघांची जाण्या-येण्याची तिकिटं सहा आठवडे आधी काढल्यामुळे एकशे बत्तीस पाउंडांत झाली. मावशीच्या सीनियर रेलकार्डाचा त्यात हातभार आहे. लँकेस्टरनंतर डावीकडेच बसा. ओहोटी असेल तर मैलोन्‌मैल ओली वाळू दिसते आणि गाडी पुलावरून जाताना खाली पाणी आहे की आभाळ, पटकन कळत नाही. बॅरोनंतरची गाडी दोन डब्यांची असते आणि काही स्टेशनांवर हात केला तरच थांबते. गार्डला आधी सांगून ठेवा. मी दोनदा सांगितलं. तो म्हणाला, सीस्केलला गाडी थांबतेच.

बॅरोनंतर आम्ही डबा उघडला. दशमी, शेंगदाण्याची चटणी, लिंबाचं लोणचं.

"आता सांग," मावशी म्हणाली. "नक्की काय बघायला निघालोय? पण पुस्तकी नको. श्रावणातली कहाणी सांगतात तशी सांग."

मावशीच्या घरी श्रावणी शुक्रवारी अजून कहाणी वाचली जाते. त्या चालीवर मी सुरुवात केली. आटपाट नगर होतं. तिथे देव राहत होते. त्यांच्यात लोकी नावाचा एक होता, बुद्धीने तल्लख, स्वभावाने वाकडा. त्याच्या कारस्थानामुळे सगळ्यांचा लाडका देव मेला. मग देवांनी लोकीला गुहेत नेलं आणि तीन दगडांवर आडवा बांधला. कशाने बांधला ते डबा खाताना सांगण्यासारखं नाही. त्याच्या तोंडावर विषारी साप टांगला. विषाचा थेंब थेंब चेहऱ्यावर पडू लागला. तेव्हा त्याची बायको सिगिन भांडं घेऊन आली आणि ते त्याच्या चेहऱ्यावर धरून बसली. विष भांड्यात पडत राहिलं. ती पतिव्रता तिथून तसूभरही हलली नाही. जगाच्या अंतापर्यंत हलणार नाही. ही साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण.

मावशीने चटणीचं झाकण लावलं आणि समुद्राकडे बघत बसली. मला वाटलं, बरी जमली.

सीस्केलहून टॅक्सीला चौदा पाउंड लागले. तीही आधी सांगून ठेवावी, स्टेशनवर एकही उभी नव्हती. मागे अणुप्रकल्पाच्या इमारती, पुढे मेंढ्या आणि डोंगर. दोन खोल्यांचं बी अँड बी, म्हणजे घरगुती लॉज, नाश्त्यासह एकशे पासष्ट पाउंड. सामान ठेवून मावशीने पहिला फोन केअर होमला केला. माझे तिन्ही कागद कामी आले नाहीत, नंबर तिला पाठ होता.

"हे क्रिकेटची मॅच बघतायत म्हणे," फोन ठेवून ती म्हणाली.

"मग चांगलं आहे की."

"चांगलंच आहे. माझी चौकशीसुद्धा केली नाही."

चर्चला पोचलो तेव्हा चार वाजून गेले होते. हीच वेळ गाठा, कारण पश्चिमेच्या बाजूवर उजेड तेव्हाच येतो. क्रूस माझ्या कल्पनेपेक्षा फार सडपातळ होता. साडेचौदा फुटांचा, लालसर दगडाचा, खाली झाडाच्या खोडासारखा गोल आणि वर चौकोनी. आजूबाजूला नेहमीच्या कबरी. कुंपण नाही, तिकीट नाही. हजारेक वर्षं तो तिथल्या पावसात उभा आहे आणि कोरीवकाम अजून बोटाने वाचता येईल इतकं शिल्लक आहे. हात मात्र लावू नका. पूर्वेला क्रूसावरचा ख्रिस्त आहे. पश्चिमेला, आपल्या डोक्यापेक्षा उंचावर, बांधलेला माणूस आणि त्याच्यापाशी गुडघ्यावर बसलेली, लांब वेणीची बाई. तिच्या हातात भांडं.

मावशी मान वर करून किती वेळ उभी होती, मी मोजलं नाही. एरवी मोजलं असतं.

चर्चमधून फुलदाण्या धुवायला एक वयस्कर बाई बाहेर आल्या. जोन त्यांचं नाव. चर्चची फुलं आणि किल्ल्या त्यांच्याकडे असतात. त्यांचं बोलणं मी मराठीत देतोय.

"तिला बघताय होय," जोन म्हणाल्या. "सगळे आधी राक्षस आणि लांडगे शोधतात. मला हीच आवडते. बिचारी. भांडं भरलं की ओतायला जाते, तेवढ्यात विष त्याच्या तोंडावर पडतं आणि तो असा हिसका देतो की जमीन हादरते. भूकंप म्हणजे तेच, असं समजायचे जुने लोक."

"ओतायला जाते?" मावशीने इंग्रजीत विचारलं.

"जावंच लागणार ना. केवढंसं ते भांडं."

मावशी माझ्याकडे वळली. "तू म्हणालास ती हलत नाही."

मी म्हणालो, "पुस्तकात आहे ते. मी गाळलं."

"का?"

"तुला लागेल म्हणून."

जोनना भाषा कळली नाही, पण बाकी सगळं कळलं असावं. फुलदाणी घेऊन त्या नळाकडे गेल्या.

"भरतच नाही असं भांडं तू कुठे बघितलंस?" मावशी म्हणाली. आवाज चढला नव्हता, त्यामुळे जास्त लागलं. "दर शनिवारी येतोस. चादरी तू बघतोस, औषधं तू मांडतोस. फेब्रुवारीत मला जमिनीवरून तूच उठवलंस. आणि तरी मला सांगतोस, ती तसूभरही हलली नाही. सुफळ संपूर्ण म्हणे."

कहाणीत बायको हलत नसते, म्हणून मीही हलवली नाही. सोय म्हणा, सवय म्हणा. तीनशे वर्षांनी लिहिणाऱ्याने गोष्टीत काय घातलं आणि काय काढलं असेल, याच्या नोंदी मी वहीत किती बारकाईने केल्या होत्या. आणि गाडीत बसून मी स्वतः तेच केलं होतं.

साडेसहाला पबमध्ये जेवलो. भाज्या भरलेली पाय-पेस्ट्री आणि चिप्स, दोघांचे मिळून तीस पाउंड. मावशीने मिठाची बाटली बाजूला सारली आणि म्हणाली, "वही काढ. जसंच्या तसं सांग, पदरचं घालू नकोस."

मी जे आहे ते सांगितलं. त्या सरदाराने तिच्याबद्दल दोन-तीन वाक्यांपलीकडे काही लिहिलेलं नाही. ती भांडं धरून शेजारी असते. भरलं की ती ते ओतायला जाते. तेवढ्या वेळात विष चेहऱ्यावर पडतं आणि तो तडफडतो. एवढंच.

"तिला बोल लावलाय?"

"नाही."

"परत येते असं लिहिलंय?"

मी पुन्हा वाचून बघितलं. "तसं सरळ लिहिलेलं नाही. पण भांडं भरलं की प्रत्येक वेळी, असं म्हटल्यावर परत येतच असणार."

"आणि हा सरदार त्या देवांचा भक्त होता का?"

"नाही. ख्रिस्ती होता. त्याच्या लेखी ही जुन्या लोकांची समजूत."

"म्हणूनच," मावशी म्हणाली. "भक्ताने लिहिली असती तर तिला उठू दिलं नसतं."

मी तिला आणखी एक गोष्ट सांगितली, कारण आता काही गाळायचं नव्हतं. दगडावर ती फक्त धरून बसलेली आहे. ओतायला जाणं दगडावर नाही, ते पुस्तकातलं. कोरणाऱ्याला ते ठाऊक होतं की नाही, कोणालाच ठामपणे सांगता येत नाही.

मावशीने चिप व्हिनेगरमध्ये बुडवली. "दगडावर एकच क्षण मावतो रे. बाई काय एका क्षणाची असते?"

रविवारी सकाळी चर्च आतून बघितलं. आत भिंतीत बसवलेल्या एका दगडावर होडीत बसून मासेमारी करणारे दोघे आहेत. त्यांतला एक मेघगर्जनेचा देव थॉर असावा, असं पुन्हा त्याच आइसलँडी गोष्टींवरून ठरवलंय. शिवाय घराच्या छपरासारखे दोन मोठे थडग्यांचे दगड. एक तास पुरतो. मी दानपेटीत पाच पाउंड टाकले, मावशीने दहा. परतीच्या गाडीत ती बॅरोपर्यंत झोपली. दिवसाउजेडी झोपलेली मावशी मी पहिल्यांदा पाहिली.

हा प्रवास करावा का, असं कोणी विचारलं तर करावा. दोन दिवसांत दोघांना तिकिटं धरून चारशेच्या आत जमतो. भव्य काही दिसेल या अपेक्षेने जाऊ नका. आधी गोष्ट पूर्ण वाचून जा, आणि सोबतच्या माणसालाही पूर्णच सांगा. माझ्यापुरतं एवढंच उरलं. एखाद्याला जपायचं म्हणून त्याची गोष्ट मी नीटनेटकी करून देतो, तेव्हा त्या माणसाला उठायलाच जागा ठेवत नाही.

सोमवारी मी रजा काढली होती. सकाळी काकांना घरी आणलं. जेवणं झाल्यावर मावशी खुर्ची ओढून त्यांच्यासमोर बसली.

"अहो, ऐका. जूनच्या शेवटी तुम्ही पुन्हा तिकडे जायचंय. सात दिवस. मग दर सहा आठवड्यांनी सात दिवस. मी आज कौन्सिलच्या कागदावर सही करणार आहे."

काकांनी मान फिरवली. त्यांचा डावा हात थरथरायला लागला, मग खांदा. टेबलावरची बशी वाजायला लागली. त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि ते अडवायला त्यांच्याकडे काहीच नव्हतं.

"मावशी, नंतर बोलू," मी म्हणालो.

"नंतर नाही."

तिने त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला. थरथर ओसरायला वेळ लागला. तिने पदराने त्यांचा चेहरा पुसला आणि त्याच आवाजात तारखा पुन्हा सांगितल्या.

"सात?" काका म्हणाले.

"सात. मग मी न्यायला येते."

दोनला बेल वाजली. मी उठणार होतो. मावशीने मला मानेनेच बसायला सांगितलं, काकांचा हात माझ्या हातात दिला आणि दार उघडायला ती स्वतः गेली. हात अजून थोडा थरथरत होता. मी धरून बसलो.