मयत तर्फे वारस

दाव्याच्या पहिल्या पानावर वकिलांच्या कारकुनाने अण्णांच्या नावापुढे लाल शाईने 'मयत' लिहिलं. खाली '१अ' म्हणून आईचं नाव घातलं, '१ब' म्हणून माझं, आणि म्हणाला, "ताई, इथे सही करा."

मला वाटलं होतं, वडील गेले म्हणजे त्यांचं नाव खोडतील. पण कोर्ट नाव खोडत नाही. गेलेला माणूस जागच्या जागी राहतो आणि अक्षराला उकार लागावा तसे आपण त्याच्या खाली लागतो.

घरात त्यांचं पूर्ण नाव कधीच कुणी घेतलं नाही. आईचे ते 'हे', आमचे अण्णा. आता "दत्तात्रय महादू शेलार!" असं खणखणीत आवाजात म्हणणारा जगात एकच उरलाय, कोर्टाचा पट्टेवाला. वकील म्हणतात, हातभर बांधासाठी किती वर्षं भांडणार, तडजोड करून टाका. पटतं मला. पण दावा मिटला की ही हाकही मिटेल.

काल पुकारा झाला. हाक ऐकल्यावरच टपरीवरचा चहा संपवून धापा टाकत यायची अण्णांची सवय. माझी मान आपोआप दाराकडे वळली.

पलीकडच्या बाकावर प्रतिवादी बसले होते, आमच्या शेजारच्या शेताचे बापूकाका. तेही दाराकडेच बघत होते. मग स्वतःशीच पुटपुटले, "दत्तूचा चहा अजून संपलेला दिसत नाही."