हातभार कुणाचा?

काकूच्या कात्रीचा आवाज अख्ख्या गल्लीला ओळखू यायचा. तिने एकदा खडूची रेघ मारली की कापडाची काय बिशाद जागचं हलायची! तरी दुकानात शिरणारा जो तो काकांनाच ‘मास्तर’ म्हणायचा, कारण गळ्यात टेप घालून काका पुढे बसायचे आणि काकू पडद्यामागे. माप घ्यायचं, गप्पा हाणायच्या, तारीख द्यायची आणि ती चुकली की गोड बोलायचं, एवढंच काकांचं काम. पण बोलण्यात हार जाणारा माणूस नव्हे तो.

बसने धडक दिली आणि काकूचं उजवं मनगट चिरडलं. हाडं जुळली, पण अंगठा वाकेना. कात्री मिटेना. दुकान बंद पडलं. नुकसानभरपाईच्या ट्रिब्युनलमध्ये काकांची साक्ष झाली, तेव्हा विमा कंपनीच्या वकिलांनी सहज विचारलं, “दुकान कुणाचं?”

काका छाती फुगवून म्हणाले, “माझं. ही घरचं बघून जरा हातभार लावते.”

झालं! त्या एका शब्दाने घात केला. निकालात आलं, बाई गृहिणी. कमाई नव्हतीच, मग बुडणार काय? औषधपाण्याचा खर्च तेवढा मंजूर झाला. काकूने घरी येऊन आवाज चढवला नाही. एवढंच म्हणाली, “मी काहीच करत नव्हते, असं कोर्टाने लिहून ठेवलंय. ते खोडल्याशिवाय मी गप्प बसायची नाही.” तिने वरच्या कोर्टात अपील केलं. काका कितीतरी दिवस खाली मान घालून जेवत होते. बरं झालं, असंच वाटलं मला.

अपिलाच्या सुनावणीला मी काकूशेजारी बाकावर होते. कंपनीचे वकील म्हणाले, “दुकान पतीचं आहे. त्यांना तर खरचटलंही नाही.”

न्यायमूर्ती बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. “मग दुकान बंद का आहे?”

वकील फाइल चाळू लागले. तेवढ्यात मागच्या बाकावरून काका उठले. “बाईसाहेब, माझं चुकलं. कापायची ती. हातभार मी लावायचो.”

काकूने माझा हात घट्ट धरला.

कंपनीच्या वकिलांनी हरकत घेतली. न्यायमूर्तींनी काकांना हेच शपथेवर सांगायला लावलं आणि वकिलांना उलटतपासणीची मुभा दिली. पुढच्या तारखेला त्यांनी खोचकपणे विचारलं, “इतकी वर्षं मास्तर म्हणवून घेता, आणि कापता येत नाही?”

“एकदा कापला होता कोट,” काका म्हणाले. “ते गिऱ्हाईक दिसलं की अजून रस्ता बदलतो मी.”

कोर्टात हशा पिकला. न्यायमूर्तींनीही हसू लपवायला कागद वर धरला.

निकाल काकूच्या बाजूने लागला. बुडालेल्या कमाईसकट भरपाई मंजूर झाली. एखादा कारागीर हाताखाली घेऊन दुकान पुन्हा उघडता येईल एवढी! आमचे वकील आकडा सांगत होते, पण काकूचं तिकडे लक्षच नव्हतं. “ते आधीचं वाचा,” ती म्हणाली.

वकिलांनी वाचलं, “अपील करणारी स्त्री ही या दुकानाची मुख्य कारागीर आहे.”

अपघातात नाही, ऑपरेशनला नाही, पहिल्या निकालाच्या दिवशीही जिच्या डोळ्याला पाणी आलं नव्हतं, ती काकू कोर्टाच्या व्हरांड्यात हमसून हमसून रडायला लागली. शिपाई धावत आला. “रडू नका बाई, हरलात तरी अजून वर दाद मागता येते.”

“हरतेय कशाला?” काकू ओरडली. “जिंकलेय मी!”