लिपिनीला जाताना शेवंती नेऊ नका

मी चौथीपर्यंत शिकलेली बाई. हे मी फोनला सांगतेय आणि फोन लिहितोय, काना-मात्रा सूनबाई बघेल. पण पोलंडातल्या लिपिनी गावाला कसं जायचं ते तिला नाही, मला विचारा. मी जाऊन आलेय!

त्याचं असं झालं. लेस्टरला आमच्या भिंतीला भिंत लागून दानूता राहते. केअर होममध्ये काम करते. तिचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, म्हणून आमचं छान जमतं. नातवंडांचं ऐकून तीही मला आजीच म्हणते. तिचे वडील वारले तेव्हा कोविडमुळे विमानं बंद. तिला जाता आलं नाही. तेव्हापासून तिची आई, हेलेनाबाई, लेकीशी बोलत नाही. फोन केला तर उचलत नाही. दानूनं तिकिटं काढायची आणि आदल्या आठवड्यात रद्द करायची, असं चाललेलं. वडिलांची कबरसुद्धा तिनं पाहिलेली नव्हती.

दिवाळी झाली आणि एक दिवस कचऱ्याचे डबे बाहेर काढताना ती रडायलाच लागली. मी म्हटलं, "पुरे झालं आता. या आठवड्यात जायचं. मी येते बरोबर."

सूनबाई म्हणाली, "अहो आई, तुमचे गुडघे!"

"माझेच आहेत ना? मग येतील माझ्याबरोबर."

तर आता रस्ता. लेस्टरहून ट्रेननं लूटन, लूटनहून विमानानं लुब्लिन. नुसती हातातली बॅग घेतली तर तिकीट स्वस्त पडतं. माझा पासपोर्ट ब्रिटिश, म्हणून व्हिसाची भानगड नाही. तुमचा भारतीय असेल तर शेंगेनचा व्हिसा आधी काढा, ऐनवेळी धावपळ नको. तिखटमिठाच्या पुऱ्या न्यायला हरकत नाही, लोणचं नेऊ नका. सिक्युरिटीवाली म्हणे लोणचं लिक्विडमध्ये येतं! मी म्हटलं, "बाळ, चाखून तरी बघ." नाही चाखलं. बाटली गेली.

लुब्लिनला उतरलो. दानू बसची तिकिटं काढायला गेली आणि मी स्टँडबाहेर आले तर काय सांगू! शेवंतीच शेवंती. पिवळी, पांढरी, जांभळी, कुंड्यांचे नुसते ढीग. गौरी बसवायच्या तेव्हा लेस्टरमध्ये मी शेवंतीसाठी वणवण फिरते, आणि इथे पायरीपायरीवर! कुणाच्या आईकडे पहिल्यांदा जायचं ते काय रिकाम्या हातानं? चांगली टपोरी पिवळी कुंडी निवडली. कार्ड सगळीकडे चालतं, झ्वॉटी म्हणजे तिकडचे पैसे, ते बदलून घ्यायची गरज पडत नाही. फुलवालीनं छातीवर हात ठेवून गंभीर चेहऱ्यानं काहीतरी म्हटलं. किती अदबशीर लोक, असं म्हणून मीही छातीवर हात ठेवला.

कुंडी कापडी पिशवीत घातली, वर शाल.

"आजी, त्यात काय?"

"खाऊ." म्हटलं, दारातच दाखवू.

स्टँडवरच पिएरोगी खाल्ले. म्हणजे उकडलेल्या करंज्या, आत बटाटा आणि चीज. शाकाहारी माणूस पोलंडात उपाशी राहत नाही, फक्त वरून मांसाचे तुकडे घालू नका म्हणून आधी सांगायचं.

बस निघाली ती आधी सपाट रानातून, मग जमीन हळूहळू वर-खाली व्हायला लागली. वाळूची पांढरी माती, पाइनची झाडं. गाव म्हणजे एकच रस्ता, त्याच्या दोन्ही बाजूंना घरं आणि प्रत्येक घरामागे शेताची अरुंद लांब पट्टी, जशी लुगडी वाळत घातलीत. लिपिनी असंच, दोन टेकड्यांच्या खोलगटात, खाली गोड्या पाण्याचा झरा.

दानूनं नावाची गोष्ट बसमध्येच सांगितली. लिपा म्हणजे एक झाड, लिपांचं गाव ते लिपिनी. माझं माहेर पिंपळगाव, मला समजावून सांगायची गरजच नव्हती! त्या लिपाचं पानही पिंपळासारखंच, फक्त शेपटी आखूड. तर एका विधवा बाईची एकुलती लेक लांब लग्न करून गेली आणि आलीच नाही. आईनं लिपाची वाळकी काठी वाळूत रोवली, म्हणाली, "हिला पान फुटेल तेव्हा माझी पोर येईल." लोक हसले. ती रोज झऱ्याचं पाणी घालत राहिली. पान फुटलं, पोर आली आणि घरात जाण्याआधी तिनं ओंजळीनं झाडाला पाणी घातलं. तेव्हापासून गावाबाहेर गेलेलं माणूस परतलं की आधी झऱ्यावर, मग झाडाशी, मग घरी.

बस थांबते ती त्या झाडापाशीच. पानं सगळी पिवळी होऊन खाली पडलेली.

मी म्हटलं, "घाल पाणी."

ती जागची हलेना. "मी नाही घालणार. मला हक्क नाही. आजी, परत जाऊ या."

"परतीची बस उद्या सकाळी आहे. थंडीत उभी राहणारेस का? चल पुढे!" दंड धरून नेलीच तिला.

दार मीच वाजवलं. हेलेनाबाई माझ्याएवढ्याच बुटक्या, फुलाफुलांचा एप्रन. लेकीकडे बघितलंच नाही. मी हसून शाल बाजूला केली आणि कुंडी त्यांच्या हातात दिली.

दानूनं तोंडावर हात ठेवला. "आजी! हे फूल आम्ही फक्त कबरीवर ठेवतो!"

धरणी दुभंगली असती तर मी उडीच घेतली असती. गौरीचं फूल हो आमचं! हेलेनाबाई एकदा कुंडीकडे, एकदा माझ्याकडे बघत राहिल्या. मग काहीतरी बोलल्या.

"काय म्हणाल्या?"

दानूनं तोंडावरचा हात काढला. "म्हणाली, तिला सांग, मी अजून जिवंत आहे."

आणि मग त्या बाईनं लेकीकडे बघितलं. पहिल्यांदा. एप्रन सोडला, कोट घातला, कुंडी काखेत घेतली आणि दानूलाच काहीतरी बोलल्या, मला नाही.

"काय म्हणाल्या गं?"

"म्हणते, ज्याचं आहे त्याला देऊन येऊ. चल."

कबरस्तान टेकडीवर. त्यांचा मृतांचा सण तोंडावर आलेला, म्हणून कबरीकबरीवर काचेतले दिवे आणि शेवंती. माझ्या पिवळ्या कुंडीला तिथं जागा होती. ती दानूनंच ठेवली, आईनं तिच्या हातात दिल्यावर. मी फाटकाशीच थांबले. त्या बोलत होत्या, बराच वेळ. भाषा आली असती तरी ऐकलं नसतं.

उतरताना झाडापाशी आईनं काहीतरी विचारलं, दानूनं नाही म्हणून मान हलवली. हेलेनाबाईंनी तिची बाही धरून तिला सरळ झऱ्यावर नेलं. पाणी बर्फासारखं. दानूच्या ओंजळीतून अर्धं वाटेतच सांडलं, तर आईनं खालून आपली ओंजळ लावली.

रात्री बीटचं आंबट सूप, ताटात पिएरोगीवर पिएरोगी. नको म्हटलं की दोन जास्त. आग्रहात त्या आपल्या वरताण!

आता लेस्टरला परत. गुडघे दुखतात, ते जायच्या आधीही दुखतच होते. फोटो सूनबाईनं डिलीट केले चुकून, जाऊ दे. पुढच्या गौरीला शेवंती आणेन तेव्हा आधी दानूच्या वडिलांचं नाव घेईन, एवढं ठरवलंय.

दर रविवारी भिंतीपलीकडून फोनवरचं पोलिश ऐकू येतं, भांडल्यासारखं, मोठ्यानं. मग दानू खिडकीतून ओरडते, "आजी, आईचा निरोप! म्हणते, अजून जिवंत आहे!"